इन्नू स्वल्प

बेळगावात आमच्या घरामागच्या शेडमध्ये वडिलांचा हाताने फिरवायचा फ्लाय प्रेस होता. ते गेल्यावर पहिली ऑर्डर मी घेतली : 3 मिलिमीटर जाडीच्या लोखंडी पट्टीचे 200 ब्रॅकेट. व्ही-डायचे तोंड जाडीच्या आठपट, म्हणजे 24 मिलिमीटर ठेवावे, एवढे मला ठाऊक होते. पट्टी काटकोनात दाबली, दांडा वर घेतला, गुण्या लावला, कोन उघडलेला! जवळजवळ 2 अंशांचा फरक. सहा नग असेच वाया गेले. प्रेस विकून टाकावा, असे मनात आले.

शेजारचे कन्नड काका, वडिलांचे जुने सोबती, दारातून पाहत होते. आत येऊन त्यांनी दांड्यावरच्या माझ्या हातावर हात ठेवला. म्हणाले, "इन्नू स्वल्प." आणखी थोडे. दाब सुटताच लोखंड किंचित मागे फिरते. 90 अंश हवेत तर 88 पर्यंत वाकवावे लागते.

सातवा नग गुण्याला चिकटून बसला.

वडील काम करताना हेच दोन शब्द पुटपुटत. मला वाटे, त्यांना कन्नड बोलायची हौस आहे. ते तर त्यांचे माप होते!