कॅमेऱ्यामागच्या माणसाचं देणं

अविनाश अरुण यांना मी कधी भेटले नाही, पुढेही भेटेन असं नाही. पण माझी आई मला कळली ती त्यांच्यामुळे.

वडील गेले तेव्हा आम्ही वेंगुर्ल्याला होतो. आईला अनुकंपा तत्त्वावर नोकरी लागली आणि काही वर्षांत बदली झाली ती थेट बेलापूरच्या कोकण भवनात. नेरुळला सिडकोच्या इमारतीत भाड्याची खोली घेतली. त्या दिवसांची माझी गोष्ट पुढे कितीतरी वर्षं एवढीच होती: माझी शाळा सुटली, मैत्रिणी सुटल्या, समुद्राच्या जागी खाडीचा वास आला. त्या गोष्टीत आई फक्त डबा भरायची आणि उशिरा यायची.

२०१५च्या पावसाळ्यात वाशीला आम्ही दोघींनी ‘किल्ला’ पाहिला. वडील गेलेला चिन्मय, बदली होऊन कोकणात आलेली त्याची आई अरुणा. आमचाच प्रवास, फक्त उलट्या दिशेचा. दिग्दर्शन आणि छायांकन दोन्ही अविनाश अरुण यांचं. मित्र किल्ल्यावर चिन्मयला टाकून निघून जातात, पाऊस कोसळत असतो. दुसऱ्या कुणी तिथे पोराचे डोळे पडदाभर दाखवून आपल्याला रडवलं असतं. हा माणूस अंतर राखतो. भिंती, पाणी, काळोख आणि त्यात ते एवढंसं पोर! तोच कॅमेरा चिन्मय आसपास नसतानाही अरुणाची सोबत करतो. ऑफिसात नवखी, घरी एकटी बाई. मुलाच्या नजरेच्या पलीकडेही आईला दिवस काढायचा असतो, हे मला पस्तिशीला आल्यावर दिसलं, तेही तिच्याच शेजारच्या खुर्चीत बसून.

परतताना रिक्षात आई पहिल्यांदा बोलली. जेवणाच्या सुट्टीत सुरुवातीला तिला कुणी डब्याला बोलवत नसे, म्हणून ती जिन्यात उभी राहून खायची. एवढंच सांगितलं आणि मग रिक्षावाल्याशी सुट्ट्या पैशांवरून वाद घातला.

मग मी अविनाश अरुण यांचं नाव शोधत सिनेमे पाहू लागले. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेला हा छायाचित्रकार. ‘किल्ला’ला २०१४ साली बर्लिनमध्ये मुलांच्या ज्युरीने क्रिस्टल बेअर दिलं. ‘मसान’मधला बनारसचा घाट त्यांचाच, आणि ‘मसान’च्याच वर्षीचा हिंदी ‘दृश्यम’ही. ‘दृश्यम’मध्ये कॅमेरा कुणाचा हे कुणाच्या लक्षातही येत नाही, आणि थरारपटात ते तसंच हवं. ‘पाताल लोक’ वेबमालिकेचा पहिला सीझन प्रोसित रॉय यांच्याबरोबर दिग्दर्शित केला. ‘थ्री ऑफ अस’ पुन्हा स्वतःच चित्रित केला आणि फिल्मफेअर मिळालं ते छायांकनाचं. मला त्याचं नवल वाटलं नाही.

‘थ्री ऑफ अस’ आईला घरी लावून दिला. स्मृती हरवत चाललेली शैलजा वेंगुर्ल्याला जाते, लहानपणीच्या मित्राला भेटते. शेफाली शाहचा चेहरा पाहून माझा घसा दाटून आलेला, आणि आईचं चाललेलं, “थांब, मागे घे. हा रस्ता कुठला गो?” सुमारे शंभर मिनिटांचा सिनेमा साडेतीन तास चालला. शेवटी तिने एकच तक्रार केली. जयदीप अहलावतचा तो प्रदीप कामत बँकेत मॅनेजर असून भरतकाम करतो.

“मार्चएंडला काय करतो तो?” आई म्हणाली.