बांध नसलेलं शिवार

न्यूअर्क स्टेशनावरून टॅक्सी निघाली तेव्हापासून रस्त्याच्या दोन्ही बाजूंना काटेरी झुडपांची गच्च कुंपणं होती. इंग्लंडचं खेडं म्हटलं की डोळ्यांपुढे येतं तेच हिरवं, चौकटीचौकटींत कापलेलं रान. नॉटिंगहॅमशरमधलं लॅक्स्टन गाव जवळ आलं आणि कुंपणं एकाएकी संपली. समोर उघडं शिवार, थेट आभाळाला टेकलेलं. मी गाडी थांबवायला सांगितली आणि खाली उतरून कितीतरी वेळ बांध शोधत राहिले.

बांध नव्हताच. लांबच लांब पट्टे एकमेकांना लागून पडले होते. एका पट्ट्यात गव्हाचे कोंब नखाएवढे, शेजारच्यात जरा उंच, त्यापलीकडचा नुकता पेरलेला. माती तांबूस, चिकट. दहा पावलांत बुटांना शेर-शेर चिखल लागला. पट्टे एकेका शेतकऱ्याचे, आणि दोन शेतकऱ्यांच्या मधे काय? एक तास, नांगराने पाडलेला. बस. मी शेतकऱ्याच्या घरातली आहे. आमच्याकडे बांध कोरला म्हणून वडील आणि चुलते अकरा वर्षं एकमेकांशी बोलले नाहीत. मोजणी आणली, हद्दीचे दगड रोवले, दगड पुन्हा सरकले. त्यामुळे त्या उघड्या रानाकडे पाहून माझ्या पोटात गोळाच आला. इथे माणसं एकमेकांच्या जिवावर कशी उठत नाहीत?

एकेकाळी इंग्लंडच्या मध्यभागातली बहुतेक गावं अशीच होती. गावाची दोन-तीन मोठी वावरं, त्यांत प्रत्येकाचे विखुरलेले पट्टे, आणि पीक निघालं की धसकटांवर साऱ्या गावाची गुरं. मग जमीन एकत्र करून कुंपण घालायची लाट आली. अठराव्या-एकोणिसाव्या शतकांत संसदेने त्यासाठी चार हजारांहून जास्त कायदे केले. ज्याच्याकडे कागद होता त्याला सलग शेत मिळालं. ज्याचा हक्क नुसता वहिवाटीचा होता, गायरानात एक गाय चारण्यापुरता, त्याच्या हाती बहुधा काहीच राहिलं नाही. लॅक्स्टनलाही कुंपणं घालायला सुरुवात झाली होती, पण काम अर्धवट राहिलं. म्हणून वेस्ट फील्ड, मिल फील्ड आणि साउथ फील्ड ही तीन वावरं आजही जुन्या रीतीने कसली जातात: एकात हिवाळी गहू, दुसऱ्यात वसंतातली पेरणी, तिसरं त्या वर्षी विसाव्याला. दरवर्षी पाळी पुढे सरकते. पट्टे आता पूर्वीपेक्षा रुंद आहेत, विसाव्या शतकाच्या आरंभी ते जोडून मोठे केले. कसणारे सगळे कुळं आहेत, आणि प्रत्येकाच्या वाट्याला तिन्ही वावरांत जमीन येते. चांगली माती आणि पाणथळ माती, दोन्ही सगळ्यांच्या पदरात.

मी मुद्दाम नोव्हेंबरच्या शेवटच्या गुरुवारी पोचले होते. त्या दिवशी गावचे पंच गव्हाच्या वावराची पाहणी करतात. डझनभर शेतकरी जाड कोट, गुडघाभर बूट घालून शिवारात फिरतात. मी अंतर राखून मागे मागे चालले. एका ठिकाणी सगळे थांबले. पाणंदीच्या कडेच्या गवताच्या पट्टीत नांगर शिरला होता, फार तर वीतभर. कुणी आवाज चढवला नाही. एकाने नजरेने ओळ धरली, दुसऱ्याने लाकडी खुंटी टेकवली, तिसऱ्याने घणाचे चार घाव घातले. एकाने वहीत नोंद केली. ज्याचा नांगर शिरला होता तोही तिथेच उभा असेल, मला ओळखता आलं नाही.

दुपारी सगळे डव्हकोट इन या गावच्या पबमध्ये एकत्र जेवले. आठवड्याने तिथेच कोर्ट लीट, म्हणजे गावची जुनी न्यायसभा, भरते. जमीनमालकाचा कारभारी समोर बसतो, खुंट्यांचा हिशोब मांडला जातो, दंड होतो तो काही पौंडांचा, आणि पुढच्या वर्षाचे पंच शपथ घेतात. ही सभा दिखाव्यापुरती असेल असं मला वाटलं होतं. तसं नाही. 1977 मध्ये संसदेने अशा जुन्या न्यायसभांचे अधिकार काढून घेतले, तेव्हा लॅक्स्टनच्या सभेला कायद्यातच नाव घेऊन वगळलं. दंडाची रक्कम क्षुल्लक आहे. जरब आहे ती शेजाऱ्यांनी मिळून तुमच्या रानात ठोकलेल्या खुंटीची.

1635 साली मार्क पीअर्स नावाच्या भूमापकाने या गावाचा नकाशा काढला. मूळ नकाशा ऑक्सफर्डच्या बॉडलियन ग्रंथालयात आहे, त्याची प्रत मी पाहिली. पट्टा न् पट्टा रेखलेला, आणि मधूनच बोटाच्या पेराएवढी माणसं: कुणी नांगरतंय, कुणी कापणी करतंय, कुणी शिकारीला निघालंय. जोडीला पट्ट्यापट्ट्याची नोंदवही, अगदी आपल्या सातबाऱ्यासारखी. हा नकाशा करवून घेणारा जमीनमालक सर विल्यम कोर्टेन, लंडनचा धनाढ्य व्यापारी. त्याच्याच पैशावर 1636 च्या वसंतात काही जहाजं पूर्वेकडे निघाली आणि त्या वर्षीच्या ऑक्टोबरात गोव्याला लागली. ती वाटेत असतानाच कोर्टेन वारला. गोव्याच्या बंदराकडे आणि या चिखलाच्या पट्ट्यांकडे एकच माणूस एकाच वेळी नजर लावून बसला होता, हे वाचल्यावर मी नकाशासमोरून लवकर हलू शकले नाही.

गाव म्हणाल तर एक लांब रस्ता. त्याच्या कडेने शेतकऱ्यांची विटांची घरं आणि कोठारं. कित्येकांची अरुंद बाजू रस्त्याकडे. कुंपणं आली तशी इतर गावांतली कितीतरी शेतकरी घरं आपापल्या शेतात उठून गेली. इथली गावठाणातच राहिली. भटक्या गुरांसाठी कोंडवाडाही आहे! चर्चमध्ये मध्ययुगातली एका मालकिणीची ओक लाकडाची मूर्ती आहे, चेहरा झिजून गुळगुळीत झालेला. उत्तरेला किल्ल्याची गवताळ टेकडी आहे, पण तिथे पोचेपर्यंत अंधारलं.

1952 मध्ये अर्ल मॅनव्हर्स यांनी ही जमीन सरकारला विकली, शेतीची रीत टिकावी म्हणून. 1981 मध्ये ती राजसत्तेच्या मालमत्तेत गेली आणि 2020 मध्ये मॅनव्हर्सांच्याच जुन्या थोर्सबी इस्टेटीकडे परतली. मालक बदलले, खुंट्या ठोकणारे तेच.

निघताना पबच्या दारात एक वयस्कर शेतकरी भेटले. मी सकाळपासून मागे मागे फिरतेय हे त्यांनी पाहिलं होतं. तुमच्याकडे हद्द कशी दाखवतात, त्यांनी विचारलं. मातीचा बांध घालतो, मी म्हणाले. किती रुंद?

मी जरा थांबले. आमच्या बांधावर आंब्याची तीन झाडं होती. आजी भाकऱ्यांची पाटी डोक्यावर घेऊन त्यावरून चालत यायची. आता तिथे एक पाऊलही नीट बसत नाही, एवढंच मी त्यांना सांगितलं.