दुसऱ्या सीडीतले सांगाडे

‘स्पाय किड्स’चा दुसरा भाग मी आधी अर्धाच पाहिला, आणि तोही नंतरचा अर्धा. तेव्हा सिनेमा दोन सीडींत यायचा. भाड्याच्या दुकानातली पहिली सीडी कुणीतरी परतच केली नव्हती. त्यामुळे कार्मेन आणि जुनी ही हेर भावंडं त्या बेटावर कशाला आलीत, याचा पत्ता नाही. कळलं ते एवढंच, की कार्मेननं खजिन्यातला हार गळ्यात घातला आणि सांगाडे तलवारी घेऊन उठले. मला तेवढं पुरेसं होतं. हेरगिरी गेली खड्ड्यात!

पुढे केबलवर हिंदीत सबंध सिनेमा पाहिला. बेटावर सगळी आधुनिक यंत्रं बंद पडतात. भावंडांच्या माचेतेकाकानं दिलेलं घड्याळ तर वेळ सोडून बाकी सगळं करणारं. उरतो एक रबरबँड, म्हणे ९९९ उपयोगांचा. पण माझं लक्ष सांगाड्यांवरच.

कॉलेजात असताना एका फिल्म सोसायटीत १९६३चा ‘जेसन अँड द अर्गोनॉट्स’ लागला आणि मी खुर्चीत ताठ बसले. हे तर माझेच सांगाडे! रे हॅरीहाउसेननं सात छोट्या पुतळ्यांचा एकेक सांधा हातानं किंचित हलवायचा, एक फ्रेम टिपायची, पुन्हा हलवायचा. दिवसभर राबून पडद्यावर जेमतेम अर्धा सेकंद. काही मिनिटांच्या त्या लढाईला चार महिन्यांहून जास्त लागले. नट बिचारे आधीच हवेत तलवारी फिरवून घरी गेलेले.

२००२ साली रॉबर्ट रॉड्रिगेझनं मुलांच्या सिनेमात हॅरीहाउसेनलाच मुजरा केला होता. या माणसानं आपला पहिला सिनेमा ‘एल मारियाची’ सुमारे सात हजार डॉलरमध्ये उरकला होता. ‘स्पाय किड्स २’ लिहिला त्यानं, दिग्दर्शन त्याचं, कॅमेरा त्याचा, संकलनही त्याचंच. चित्रीकरण फिल्मऐवजी डिजिटलवर. स्वभावानं हाही हॅरीहाउसेनच्याच जातकुळीतला, सगळं स्वतःच्या हातानं करणारा. तरी खरं सांगायचं तर त्याचे सांगाडे मला आता पोकळ वाटतात. ते चपळ आहेत, पण त्यांना वजन नाही. पाय जमिनीला लागल्यासारखे वाटत नाहीत. जुने सांगाडे अडखळत, धक्के खात चालतात आणि म्हणूनच अंगावर येतात. बेटावरच्या चित्रविचित्र प्राण्यांत मात्र ती जुनी गंमत उतरली आहे. स्वतःच घडवलेल्या त्या प्राण्यांच्या भीतीनं लपून बसलेला शास्त्रज्ञ रोमेरो, म्हणजे स्टीव्ह बुशेमी, तर सिनेमातलं सगळ्यात जिवंत पात्र.

मागच्या दिवाळीत हे सगळं मी भाचीला ऐकवलं आणि दोन्ही लढाया एकापाठोपाठ दाखवल्या. आठ वर्षांची पोरगी. जुने सांगाडे बघताना ती जांभई देऊन म्हणाली, “मावशी, हे किती हळू चालतात!” मी चार महिन्यांचा हिशेब पुन्हा मांडला. तिनं तो शांतपणे ऐकून घेतला आणि नव्या लढाईवर आली.

“पण हार त्यांचाच होता ना?”

“हो.”

“मग कार्मेननं द्यायचा ना परत. भांडतेय कशाला?”