आधी कोश, मग पाळणा

बारामती

ती. दादास,


इंदापूरहून निघालेली चार नावांची यादी बारामतीच्या आत्याबाईंना पोचली. पाळण्यात वाकून बाळाच्या कानात नाव सांगायचं आणि 'कुर्र' झालं की पाठीवर धपाटे खायचे, ही दोन्ही कामं आत्याची. म्हणून आत्याबाई दुपारची झोप सोडून आपट्यांचा संस्कृत कोश घेऊन बसल्या.

यादीत प्रत्येक नावापुढे अर्थ होता आणि प्रत्येक अर्थ गोड होता. संशय आला तो तिथेच.

'अनया' म्हणे 'जिच्याहून श्रेष्ठ कुणी नाही'. कोशात 'अनय' म्हणजे अनीती, शिवाय दुर्दैवही. आणि गवळणी ऐकत वाढलेल्या माणसाला तर अनया म्हटलं की राधेचा नवराच आठवणार. पुण्याच्या डेक्कन कॉलेजात १९४८ साली सुरू झालेला संस्कृतचा महाकोश अजून 'अ'मधून बाहेर पडलेला नाही. तेव्हा 'अ'च्या नावांची झडती घ्यायला तरी दूर जायला नको. मुलगा झाला असता तर 'आरव' ठरलं होतं, अर्थ 'शांत'. कोशात आरव म्हणजे आवाज, आरडाओरड! रात्री दोनला बाळाला खांद्यावर घेऊन फेऱ्या मारणाऱ्या दादाला हा दुसराच अर्थ पटला असता.

'मायरा' आणि 'कियारा' संस्कृतात शोधून उपयोग नाही. मायरा हे नाव फुल्क ग्रेव्हिल (१५५४–१६२८) या इंग्रज कवीनं आपल्या कवितेसाठी घडवलेलं. कियारा इटलीचं, अर्थ स्वच्छ, उजळ. त्याच्याशी घोटाळा होईल असं एक आयरिश नावही आहे, पण त्याचं मूळ 'काळा' या शब्दात. एक उजेड, दुसरा अंधार.

उरली 'नीरा'. नीर म्हणजे पाणी, हा अर्थ बरोबर. पण 'शुद्ध संस्कृत' हा शेरा तेवढा खोडायला हवा: हा शब्द संस्कृतात द्राविडी भाषांतून आला, असं भाषेचे अभ्यासक मानतात. कन्नडमध्ये पाण्याला आजही 'नीरु' म्हणतात. शाळेत एखादं कार्टं 'नीरा केंद्र' म्हणून चिडवेल, हे धरून चालावं. पण तुमच्याच तालुक्यात, नीरा नरसिंहपूरला, या नावाची नदी भीमेला मिळते. मुलीला बोटानं दाखवता येईल असा अर्थ बाकीच्या तिघींकडे नाही.

नावाचा अर्थ वेगळा आणि ते ठेवण्याचं कारण वेगळं, हे तर इंदापूरकरांना सांगायला नको. ज्यांची गढी तुमच्या गावात, त्या मालोजीराजांनी नगरच्या शाह शरीफ पिराच्या नवसानं झालेल्या मुलांची नावं शहाजी आणि शरीफजी ठेवली, असं परंपरा सांगते. 'शाह' फारसी, 'शरीफ' अरबी, मागचा 'जी' आपला. इकडे बारामतीत मोरोपंत (१७२९–१७९४). 'मोरो' म्हणजे मोरेश्वर, याच तालुक्यातल्या मोरगावच्या मयूरेश्वराचं नाव. पंत कवितेत स्वतःला 'मयूर' म्हणवत आणि त्यांची 'केकावली' म्हणजे मोराच्या हाकांची माळ, कारण केका म्हणजे मोराचा आवाज. आपल्या नावाचा अर्थ माहीत असलेला माणूस त्यातून केवढं काम काढून घेतो!

जन्मनोंदीत बाळाचं नाव घालायला पहिले बारा महिने फी लागत नाही, तेव्हा ग्रामपंचायत असो की नगरपरिषद, घाई नाही. मात्र सरकारी कागदपत्रांत १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या नावापाठोपाठ आईचं, मग वडिलांचं आणि शेवटी आडनाव येतं. वहिनीला म्हणावं, चारही शब्द एकदा अंगणात उभं राहून मोठ्यानं हाक मारल्यासारखे म्हणून बघ.

बारशाच्या घुगऱ्यांचे हरभरे आत्याबाई घेऊन येतील. कुंची शिवून झाली आहे. झालरीवर पहिलं अक्षर तेवढं भरायचं राहिलंय. गुलाबी रेशीम ओवून ठेवलंय. गुरुवारपर्यंत अक्षर कळवा.

कळावे,
बाळाची आत्या