अॅलेक्सची दुपार

अॅलेक्स, तुझी गोष्ट आम्हाला उलटी सांगितली गेली. आधी सूड, मग त्याचं कारण, आणि सगळ्यात शेवटी तू.

गास्पार नोएच्या २००२ सालच्या ‘इरिव्हर्सिबल’मध्ये पॅरिसची एक रात्र शेवटाकडून सुरू होते. मोडक्या हाताचा तुझा प्रियकर मार्कस स्ट्रेचरवर, तुझा आधीचा प्रियकर पिएर याच्या हातात बेड्या. मग क्लबातला लाल काळोख, गरगरणारा कॅमेरा, पोटात ढवळून काढणारा खर्जातला गुरगुराट, आणि आग विझवायच्या नळकांड्यानं एका माणसाच्या तोंडाचा केलेला चेंदा. कुणाचा सूड, कशासाठी, काहीच ठाऊक नसतं. त्यामुळे ‘बरं झालं’ असं मनात येतच नाही; दिसतं ते नुसतं मारणं. मेला तोही भलताच. तुझा गुन्हेगार शेजारी उभा राहून बघत होता. आणि मारलं ते मार्कसनं नव्हे, रात्रभर त्याला आवरणाऱ्या, शहाणपणाचं बोलणाऱ्या पिएरनं.

मग ते भुयार. खालून जा, ते सुरक्षित आहे, असं रस्त्यावरच्या एका बाईनं तुला सांगितलं होतं. इतका वेळ भिरभिरणारा कॅमेरा इथे जमिनीवर बसतो आणि हलत नाही. तुझ्यावर बलात्कार होत राहतो, मिनिटांमागून मिनिटं. कान महोत्सवात लोक उठून गेले, त्यांना दोष देववत नाही. मला मात्र सलतो तो भुयाराच्या तोंडाशी क्षणभर दिसलेला माणूस. तो येतो, बघतो, मागे वळतो. त्याचा सूड घ्यायला कुणी गेलं नाही.

यानंतर पडद्यावर येतं ते सगळं आधीचं. पार्टीत नाचणारी तू. मेट्रोत दोघांशी मोकळेपणानं बोलणारी तू. मार्कस झोपेतून उठतो, हात बधिर झालाय म्हणतो; आम्ही मोडताना पाहिलेला हात. तू स्वप्न सांगतेस, लाल बोगद्याचं. घरातून निघूच नकोस, असं ओरडावंसं वाटतं, पण आम्ही तुझ्या रात्रीतून आलेले आणि तू अजून दुपारीच. घरात एकटी असताना तुला कळतं, दिवस गेलेत. तू हसतेस. मग बीथोव्हनची सातवी सिंफनी, बागेतली हिरवळ, भोवती पळणारी मुलं, आणि तुझ्या हातात काळाविषयीचं डनचं पुस्तक. एवढं सुंदर काही इतकं असह्य होऊ शकतं, हे मला या चित्रपटानंच दाखवलं.

२०१९ मध्ये नोएनं हीच रात्र सरळ क्रमानं जोडून व्हेनिसला आणली. घटना त्याच, पण शेवटी उरतो तो क्लब आणि दोन पुरुषांचा संताप; तू केव्हाच मागे पडलेली असतेस. मला ती सरळ गोष्ट नको. क्रम उलटा होता म्हणून तुझ्यासाठी रडता आलं. नाहीतर आम्हीही त्या दोघांच्या मागून क्लबात शिरलो असतो, घाव बसायची वाट बघत.