बाहेर बसलेला पैलवान

मी मारलेल्या प्रत्येक कुस्तीच्या वेळी हौदाच्या कडेला माझा चुलतभाऊ बसलेला असे. माझे कपडे त्याच्या पिशवीत, माझा टॉवेल त्याच्या खांद्यावर. पुकारणारा माझं नाव घेई, गावाचं घेई, वस्तादांचं घेई. दादाचं कधी घेतलं नाही. त्याची कुस्ती लागली की मी तसाच कडेला बसे आणि माझंही नाव कुणी घेत नसे. १९८६ च्या सुमारास आम्ही दोघं वऱ्हाडातल्या दंगलींत उतरायला लागलो आणि पुढची बरीच वर्षं जोडीनंच हिंडलो. आज दर्यापुरात पोरांना शिकवताना मला त्या काळातलं सर्वांत जास्त सांगावंसं वाटतं ते त्या बाहेर बसलेल्या माणसाबद्दल.

आमचं गाव दर्यापूर तालुक्यातलं, पूर्णेच्या खारपाणपट्ट्यातलं. विहिरीचं पाणी तोंडात धरवत नाही. शहानूर धरणाचं गोडं पाणी आलं ते नंतर. आमच्या लहानपणी माय दूरवरून घागरी आणायची. जमीन मात्र काळीभोर, खोल. पावसाळ्यात कापूस आणि मूग, आणि पाऊस सरला की त्याच ओलीवर हरभरा. ही माती पावसात पायाला चिकटून पाय उचलू देत नाही, आणि उन्हाळ्यात तिला हात जाईल एवढ्या भेगा पडतात. पिकाला चांगली, कुस्तीला निरुपयोगी. म्हणून आखाड्यासाठी तांबडी माती बैलगाडीनं बाहेरून आणावी लागे. ती चाळायची, तिच्यात ताक, तेल, हळद, लिंबाचा रस, थोडा कापूर घालायचा आणि फावड्यानं उलथीपालथी करायची. नागपंचमीच्या आधी हे काम पूर्ण झालंच पाहिजे असा वस्तादांचा दंडक होता. फावडं मारणं हाच आमचा पहिला व्यायाम. एकानं मारायचं, दुसऱ्यानं ढेकळं फोडायची.

खुराकात बदामाचं नाव आम्ही ऐकून होतो. खायला असायचे रात्री भिजवलेले घरचे हरभरे, ज्वारीची भाकर, म्हशीचं दूध आणि जमलं तेव्हा तूप. दोन्ही घरच्या म्हशींचं दूध एकत्र तापे. काकू विचारायची, "दोघायचं एकच ताट वाढू का?" आणि खरंच एकच ताट असे. दादा माझ्याहून थोडा मोठा, पण उंची आणि वजन दोघांचं जवळपास सारखं. वस्तादांनी तेवढं बघूनच आमची जोड लावून दिली होती.

ही जोड कुस्तीत काय करते, ते बाहेरून बघणाऱ्याला कळत नाही. दंगलीतली कुस्ती पाच-दहा मिनिटांची, पण तिच्यामागे महिनोन्‌महिने रोज पहाटेचा सराव असतो, आणि तो एकट्याला करता येत नाही. जोर, बैठका, सपाटे एकटा मारता येतात. दोरही एकटा चढता येतो. पण ढाक शिकायची तर कुणीतरी अंगावर घ्यायला पाहिजे. कलाजंग शिकायचा तर कुणीतरी खांद्यावरून उलटा जायला पाहिजे, तेही पुन्हा पुन्हा, आपला हात बसेपर्यंत. भारी वजनाच्या माणसाशी लढलं की ताकद वाढते, हलक्याशी लढलं की चपळाई वाढते, पण आपण नेमके कुठे आहोत ते कळतं बरोबरीच्या माणसाशी लढल्यावरच.

वस्ताद पहिल्या दिवशीच म्हणाले होते, "पडाले शिक आधी. पाडाले मंग शिकवतो." पडण्याची एक मोठी विद्या आहे. अंग ताठ ठेवलं तर समोरच्याचा डाव बिघडतो, आपला खांदाही जातो. अंग अगदीच सैल सोडलं तर समोरच्याला खोटाच विश्वास वाटायला लागतो आणि तो दंगलीत मार खातो. जोडीदारानं खऱ्या कुस्तीत होईल तेवढाच विरोध करायचा असतो, आणि डाव बसला की खरं पडायचं असतं. दादाला हे माप फार चांगलं साधलं होतं. माझा एकेरी पट आधी अर्धवट बसायचा, डोकं बाहेर राहायचं. तो दर वेळी माझी मान दाबून तिथल्या तिथे दाखवायचा की इथं तू सापडशील. तोंडानं एक शब्द बोलायचा नाही. सराव संपला की एकमेकांच्या पाठीवर माती चोळायची, घाम जिरला की ती खरवडायची, मग तेल लावून रगडायचं. माझे कान मोडले तेव्हा त्यांना हळदीचा लेप दादानंच लावला होता.

दंगलींचा हंगाम नागपंचमी-पोळ्यापासून लागे आणि जत्रांसोबत पुढे चाले. पौषातल्या रविवारी ऋणमोचनची यात्रा, त्याच सुमाराला तिकडे सातपुड्याच्या पायथ्याशी बहिरमची. आसपासच्या गावांत आम दंगल असल्याचं कळलं की आम्ही निघत असू. दर्यापूरला लागून बनोसा, आणि तिथे शकुंतलेचं स्टेशन. मूर्तिजापूर ते अचलपूर ही नॅरोगेजची गाडी १९९४ पर्यंत वाफेच्या इंजिनावर चालत होती, आणि ते इंजिन १९२१ सालचं, मँचेस्टरला बनलेलं. गाडी इतकी सावकाश जायची की उशीर झालेला माणूस शेतातून पळत येऊन चढायचा. अंजनगावच्या बाजूला दंगल असली की आम्ही सकाळची गाडी धरायचो. पिशवीत दोन लंगोट, तेलाची शिशी, भाकरीचं गाठोडं. बोलणं बहुतेक कुस्तीचंच: तिकडे कोण येईल, त्याचा कुठला हात चांगला, तो वर लढतो की खाली बसून.

पैशाचा हिशोब सोपा होता. छोट्या कुस्तीला एकवीस-एक्कावन्न रुपये, पुढच्या फेरीला एकशे एक. कधी पितळेची घागर, कधी नारळ आणि फेटाच. जिंकलेल्या पैलवानाला पंच गर्दीतून फिरवत आणि लोक फेट्यात दोन-पाच रुपये टाकत. ते सगळं एकाच पिशवीत जाई. कुणाच्या कुस्तीचं किती, असा वेगळा हिशोब आमच्यात कधी झाला नाही. एखाद्या दंगलीत मी बरोबरीत सुटलो आणि दादानं चितपट केली तरी येताना आम्ही दोघंही जिंकलेले असू.

दंगलीत आवाज किती असतो ते लोकांना ठाऊक आहे. डफडं वाजत असतं, पुकारा चालू असतो, दोन्ही गावांची माणसं ओरडत असतात. त्या सगळ्यात मला एकच आवाज ऐकू येई. "लहान्या, खाली बस! खाली!" किंवा नुसतं "पट! पट!" आत असलेल्याला समोरच्याचे हात आणि छाती एवढंच दिसतं. त्याचा मागचा पाय कधी उचलला गेला, तो दमला का, लांगेवरची पकड कधी सुटली, ते बाहेरच्याला दिसतं. पण त्यातलं नेमकं काय सांगायचं ते रोज माझ्याशी लढणाऱ्यालाच कळे. माझा दम किती मिनिटांनी उतरतो हे त्याला माझ्यापेक्षा चांगलं माहीत होतं.

नव्वदच्या दशकात गावात केबल आली आणि पोरं अमेरिकेतल्या कुस्त्या बघायला लागली. त्यांच्या दप्तरात त्या पैलवानांच्या पत्त्यांचा गठ्ठा असे: उंची, वजन, छाती यांचे आकडे छापलेले. जुन्या पैलवानांनी त्या प्रकाराला नावं ठेवली, कारण तिथला निकाल आधी ठरलेला असतो. मलाही ठरवून केलेली कुस्ती मान्य नाही. मातीत नूरा करणाऱ्याला आमचे वस्ताद आखाड्यात उभं करत नसत. पण त्यात एक प्रकार होता, टॅग टीमचा, तो मी आणि दादा मन लावून बघत असू. दोन विरुद्ध दोन. रिंगणात दोघांपैकी एकच, दुसरा दोरखंडाबाहेर आपल्या कोपऱ्यात, हात लांब करून उभा. आतला दमला की त्यानं सरकत सरकत त्या कोपऱ्याशी यायचं आणि जोडीदाराच्या हाताला हात लावायचा. हात लागल्याशिवाय बाहेरच्यानं आत यायचं नाही. समोरचे त्याला नेमकं त्या कोपऱ्यापासूनच लांब ओढत राहतात.

तिथे ब्रेट हार्ट आणि जिम नाइडहार्ट अशी एक जोडी होती, हार्ट फाउंडेशन नावाची. दोघं एकमेकांचे मेव्हणे. एक डावपेचाचा, दुसरा ताकदीचा. जिंकल्यावर पुकारणाऱ्यानं दोघांची नावं घेतली आणि पट्टे दोन होते, दोघांच्या कमरेला. दादा म्हणाला, "बाहेरच्यालेबी पट्टा देतात गा हे." त्याच्या आवाजात कौतुक होतं, आणि मला ते खोल लागलं.

आपल्याकडे जोडीनं लढण्याची ही रीत नवी नव्हती. दारासिंग फ्रीस्टाइलच्या कुस्त्या करत तेव्हा त्यांचा सख्खा भाऊ रंधावाही त्याच रिंगणात होता. मुंबईत वल्लभभाई पटेल स्टेडियमवर किंगकाँगशी होणाऱ्या दारासिंगच्या कुस्त्यांच्या गोष्टी वस्ताद आम्हाला सांगत. २९ मे १९६८ रोजी मुंबईतच त्यांनी अमेरिकेच्या लू थेझला हरवलं, हेही त्यांच्याच तोंडून ऐकलेलं. दारासिंग हे नाव घराघरात गेलं. रंधावाचं नाव आजच्या पोरांना सांगावं लागतं.

आमची जोडी तुटली ती दादाच्या गुडघ्यामुळे. गावाचं नाव घेत नाही. दंगलीसाठी शेतातच रातोरात हौद खणला होता आणि ढेकळं नीट फोडलेली नव्हती. दादा समोरच्याला उचलत होता. पाय ढेकळावर मुरगळला आणि दोघांचं वजन त्याच गुडघ्यावर आलं. मी कडेवरून आत धावलो. त्याला उचलून बाहेर आणताना तो पंचांना म्हणत होता, कुस्ती बरोबरीत धरा. पुढे तो चालायला लागला, शेतीही करू लागला, पण गुडघ्यात जोर उरला नाही.

मी त्यानंतर काही हंगाम लढलो. सरावाला दुसरी पोरं होती, चांगली होती. पण कुणी ताठ पडे, कुणी नुसताच पडे. बरोबरीचा माणूस गेल्यावर मला माझाच अंदाज येईनासा झाला. दादा काठी घेऊन दंगलीला येई, कडेला बसे, ओरडे. पण पहाटे माझ्याशी लढत नसल्यामुळे त्यालाही माझ्या अंगातलं आता कळत नव्हतं. ते त्यानंच मला सांगितलं. मी थांबलो.

पोट शाळेतल्या नोकरीवर चाललं. शारीरिक शिक्षणाचा माझा अभ्यास अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळात झाला होता. वैद्य बंधूंनी १९१४ साली सुरू केलेली ही संस्था. तिच्या मंडळींनी १९३६ च्या बर्लिन ऑलिम्पिकच्या वेळी भारतीय व्यायामप्रकार जगाला दाखवले. मॅटवरची कुस्ती, गुणांचा हिशोब, वजनगट हे सगळं मी तिथे शिकलो. तिथे एक गोष्ट पक्की कळली: मॅटवर आलं तरी जोडीदाराची गरज तसूभरही कमी होत नाही, उलट वाढते, कारण गुण सेकंदाला सेकंदाला जातात.

जानेवारी २०२० मध्ये पुण्याला बालेवाडीत महाराष्ट्र केसरीची अंतिम कुस्ती झाली. हर्षवर्धन सदगीर आणि शैलेश शेळके. दोघं काका पवारांच्या एकाच तालमीतले. रोज एकाच छताखाली घाम गाळणारे, एकमेकांचे डाव कोळून प्यालेले दोन पैलवान गदेसाठी समोरासमोर. कुस्ती सावध झाली, आणि तशीच होणार होती. तीन-दोन असा निकाल लागला, हर्षवर्धन जिंकला आणि त्यानं शैलेशला उचलून खांद्यावर घेतलं. हरलेल्या पैलवानाला खांद्यावर घेऊन जिंकलेला मैदानात फिरला. दादा माझ्या शेजारी बसला होता. मला त्या क्षणी वाटलं, की महाराष्ट्राच्या कुस्तीत जोडीदाराला मिळालेला हा सर्वांत मोठा मान आहे. तो कुठल्या नियमात लिहिलेला नव्हता. हर्षवर्धननं तो स्वतःहून दिला.

आता आमच्या आखाड्यात दर्यापूरची आणि आसपासच्या खेड्यांतली पोरं येतात, मुलीही येतात. माती आहे, एका बाजूला जुनी मॅट आहे. दादा खुर्चीवर बसून शिकवतो. नवीन पोर आलं की आधी तो त्याची जोड बघतो, वजन-उंची नंतर, स्वभाव आधी. चिडकं पोर जोडीदाराला जखमी करतं, घाबरट पोर त्याला कमकुवत करतं. स्पर्धेला पाठवायचं ते जोडीनंच, एकाचीच निवड झाली असली तरी. दुसऱ्याच्या एसटीचा खर्च आम्ही करतो. पालक कधी म्हणतात, माझं पोर तर लढणारच नाही, मग कशाला? त्यांना मी सांगतो की ते लढणार आहे, फक्त बाहेरून.

गावोगावच्या दंगल समित्यांकडे माझं एक मागणं आहे. कुस्ती पुकारताना पैलवानाच्या नावासोबत त्याच्या सरावाच्या जोडीदाराचं नाव घ्या. शेवटच्या कुस्तीच्या इनामाबरोबर एक जादा फेटा आणा आणि तो बाहेर बसलेल्याला बांधा. लाखांची इनामं लावणाऱ्या गावांना एका फेट्याचा खर्च जड नाही. दर्यापूर तालुक्यातल्या कुठल्याही गावानं हे करायचं ठरवलं, तर पहिल्या वर्षीचा फेटा आम्ही दोघं भाऊ घेऊन येऊ.