मंत्राला न पुरणारा समुद्र

अर्थसीच्या नकाशावर खंड नाही. मधोमध बेटांची दाटी, कडेला विरळ होत गेलेली आणखी बेटं आणि त्यापलीकडे एकही नाव नसलेलं पाणी. अर्सुला ले ग्विन यांनी आधी हा नकाशा काढला आणि मग 'अ विझर्ड ऑफ अर्थसी' लिहायला घेतली. कादंबरी १९६८ मध्ये आली. मी ती पहिल्यांदा वाचली तेव्हा एक बोट कायम नकाशाच्या पानात असायचं. गेडची होडी एखाद्या बेटावरून सुटली की मागे जाऊन ते बेट शोधायचं, वाटेत काय काय लागतं ते बघायचं आणि मगच पुढचा परिच्छेद.

गेड हा गाँट बेटावरचा, शेळ्या राखणारा मुलगा. रोक बेटावरच्या विद्यालयात तो जादू शिकतो आणि तिथेच ईर्ष्येपोटी एक निनावी सावली जगात मोकळी सोडतो. पुढे अर्धी कादंबरी ती त्याच्या मागावर असते, आणि नंतर तो तिच्या. या पाठलागाचा मोठा भाग होतो पाण्यावर.

या समुद्रात जादू चालते, पण तिला कायदा आहे. ज्या वस्तूचं खरं नाव ठाऊक, तिच्यावरच मंत्र चालतो. रोकच्या एका एकाकी मनोऱ्यात मुलं नावांच्या याद्या पाठ करत बसतात, आणि तिथले गुरू त्यांना बजावतात की अख्खा समुद्र बांधायचा तर प्रत्येक खाडीचं, प्रत्येक सामुद्रधुनीचं, लाटांमधल्या कणाकणाचं नाव यायला हवं. ते कुणालाच येत नाही. म्हणून जादूगाराची सत्ता त्याच्या जवळच्या, पुरत्या ओळखीच्या पाण्यापुरतीच. बाकीचा समुद्र कुणाचं ऐकत नाही.

पहिल्या वाचनात हे पान माझ्याकडून भराभर उलटलं गेलं. ते खऱ्या अर्थाने उमगलं हर्णैला. एका तांडेलाबरोबर सुवर्णदुर्गाच्या बाजूने होडीतून जात होतो. भरती होती, वर नुसतं सपाट पाणी. तो मात्र सुकाणू किंचित वळवत, खाली दडलेल्या खडपांची नावं एकेक करून घेत चालला होता. एका जागी त्याने हात लांब करून दाखवलं आणि सांगितलं की त्याच्या पलीकडचा तळ आपल्या ओळखीचा नाही, तिकडे रात्री होडी घालायची नाही. गेडच्या गुरूंनी दुसरं काय सांगितलं होतं?

ले ग्विन यांचा स्वतःचा होडीचा अनुभव फार थोडा होता. बर्कलीत शाळेत असताना त्या होडी चालवायला शिकल्या आणि मैत्रिणीबरोबर उथळ पाण्यात ती बुडवलीही, असं त्यांनीच सांगितलं आहे. तरीही त्यांच्या समुद्रावर माझा पूर्ण विश्वास बसतो. तिथे दर संकटाला कारण असतं आणि दर उपायाला किंमत. सावली गेडला धुक्यात चकवते आणि त्याची होडी खडकांवर फुटते. उरल्यासुरल्या फळ्या तो मंत्राने सांधतो, पण लक्ष ढळलं की सांधा सुटणार, हे त्याला पक्कं माहीत असतं. अशा होडीतून तो कसाबसा पुढच्या बेटावर पोहोचतो.

तिथे एक म्हातारा कोळी भेटतो. त्याच्या डोळ्यांत मोतीबिंदू आहे. गेड त्याची नजर परत आणतो आणि मोबदल्यात त्याची होडी घेतो. म्हातारा होडीला 'लुकफार' हे नवं नाव देतो आणि नाळेच्या दोन्ही बाजूंना डोळे रंगवायला सांगतो, म्हणजे त्याची कृतज्ञता त्या लाकडातून गेडच्या वाटेकडे बघत राहील. सगळ्या मालिकेत मला सर्वांत प्रिय असलेली वस्तू म्हणजे ही होडी. एकही तलवार तिच्या जवळपास येत नाही.

शेवटच्या सफरीआधी गेडचा मित्र वेच याच्या घरी शिधा बांधला जातो. वेचची धाकटी बहीण विचारते, मंत्राने जेवण करता येत असेल तर हे ओझं कशाला? गेड तिला समजावतो की तसलं अन्न पोटाला फसवतं, अंगात ताकद येत नाही. मग दोघे खरी भाकरी आणि खरं पाणी घेऊन ऐन हिवाळ्यात पूर्वेला निघतात. शेवटचं बेट मागे पडतं, नकाशा संपतो. तिथे समुद्राचीच वाळू होते. होडी रुतते, गेड उतरून त्या वाळूवरून चालत जातो आणि सावलीला समोरासमोर भेटतो. भेट संपताच पायाखालची वाळू खचते आणि खारं, गारठलेलं पाणी परत येतं. वेच फारसा पोहणारा नाही. तो धडपडत रिकाम्या होडीत चढतो, दूर लाटांत काहीतरी काळं दिसतं तिकडे वल्ही मारत जातो आणि गेडला वर ओढून घेतो. इथे मंत्र कामाला येत नाही, मित्राचे हात येतात.

याच मालिकेतल्या, १९७२ च्या 'द फार्देस्ट शोअर'मध्ये ले ग्विन यांनी मला आणखी चकित केलं. जादूगारही ज्याला बिचकतात त्या भर समुद्रात एक जमात तराफ्यांवर नांदते. तिथे मुलं जन्मतात, म्हातारी माणसं मरतात. जमिनीला पाय लागतात ते वर्षातून एकदा, तराफ्यांच्या डागडुजीसाठी लाकूड आणायला. हे पाणी त्यांना घरासारखं ठाऊक आहे. पण जगातली जादू आटत चालल्याची झळ त्यांनाही लागते. वर्षातल्या सर्वांत लहान रात्री, नाच ऐन रंगात असताना, त्यांचे गायक पिढ्यान्‌पिढ्या गायलेलं गाणं विसरतात आणि गप्प होतात. गेडबरोबर आलेला तरुण एरेन ते गाणं उचलतो आणि शेवटापर्यंत नेतो. उजाडता उजाडता एक ड्रॅगन मदत मागायला येतो आणि लुकफार पुन्हा पश्चिमेला, सेलिडॉर बेटाच्या दिशेने लागते.